जेसन सोडून प्रोटोबफकडे जावं का?

अर्धविराम
मंडळी, सल्ला हवाय. आमच्याकडे साताठ सर्व्हिसेस आहेत, सगळ्या एकमेकींशी एचटीटीपीवर जेसनमध्ये (म्हणजे वाचता येणाऱ्या मजकुरात) बोलतात. ठीकठाक चाललंय. आता टीममध्ये नवे आर्किटेक्ट आलेत. त्यांचं म्हणणं, जेसन हा पोरखेळ आहे, सगळं प्रोटोबफ (गूगलचं बायनरी स्वरूप) आणि जीआरपीसीवर (ते वापरून सर्व्हिसेसना एकमेकींशी बोलायला लावणारी यंत्रणा) न्यायचं. कारण विचारलं तर "बायनरी फास्ट असतं." बस्स.

मी प्रोफाइलर लावून बघितला. सगळ्यात वर्दळीच्या सर्व्हिसमध्ये बहुतेक वेळ डेटाबेसच्या क्वेरी खातायत. जेसन पार्स करायला (वाचून उलगडायला) लागणारा वेळ त्यापुढे किरकोळ आहे. तरी हे काम पुढच्या तिमाहीच्या यादीत चढलंच.

ज्यांनी असं स्थलांतर केलंय त्यांनी सांगा: फायदा नेमका कुठे झाला आणि छळ कुठे झाला? ब्लॉगवरचे बेंचमार्क नकोत, ते मीही वाचलेत. भांडणं लावायचा हेतू नाही. (थोडा आहे.)

पॅकेट_पोचलं_का
पहिला! जागा अडवून ठेवतो, सवडीने लिहितो.

शून्याचा_पाढा
आर्किटेक्टसाहेबांचं उत्तर बरोबर आहे, पण त्यांनी दिलेलं कारण अर्धवट आहे.

आधी आकाराचं बघू. एका रोमन अक्षराचं नाव असलेलं फील्ड आणि त्यात १५० ही किंमत, असं जेसन लिहिलं तर कंस आणि अवतरणचिन्हं धरून ९ बाइट होतात. तेच प्रोटोबफमध्ये ३ बाइट: ०८ ९६ ०१. पहिल्या बाइटमध्ये फील्डचा क्रमांक आणि प्रकार, पुढच्या दोनांत १५०. प्रत्येक बाइटचे ७ बिट आकड्यासाठी, आठवा बिट "अजून येतंय" एवढं सांगायला. फील्डचं नाव वायरवर जातच नाही, फक्त क्रमांक जातो. क्रमांक १ ते १५ असेल तर क्रमांक आणि प्रकार मिळून एका बाइटात मावतात, म्हणून सतत लागणाऱ्या फील्डना लहान क्रमांक द्यायचे.

गंमत म्हणजे ऋण आकडे. साध्या इंट३२ मध्ये उणे १ टाकलात तर १० बाइट जातात! जेसनमध्ये दोन अक्षरांत भागलं असतं. ऋण आकडे नेहमी येणार असतील तर एसइंट३२ वापरायचं, मग तोच उणे १ एका बाइटात बसतो. हे न वाचता "बायनरी म्हणजे लहान" म्हणणारे बरेच भेटलेत.

खिडकीतली_खार
डेटा कॉम्प्रेस करणारा जीझिप नावाचा प्रकार अजून अस्तित्वात आहे ना? जेसनच्या यादीत तीच ती फील्डची नावं हजारदा येतात, आणि असली पुनरावृत्ती तर जीझिपचं आवडतं खाद्य. कॉम्प्रेस केल्यावर दोघांतला फरक पुष्कळ आटतो.

जुना_खांब
"बायनरी फास्ट असतं" हे वाचून डोळे पाणावले. आम्ही टेलिकॉमवाले १९८४ पासून हेच सांगतोय.

एएसएन.१ ह्या डेटा मांडायच्या जुन्या मानकाचं नाव हल्लीच्या पोरांनी ऐकलेलं नसतं, पण वापरतात सगळेच. एचटीटीपीएसची कुठलीही साइट उघडा, सर्व्हरकडून येणारं सर्टिफिकेट एएसएन.१च्या डीईआर एन्कोडिंगमध्ये असतं. ४जी फोन टॉवरशी जे सिग्नलिंग करतो त्याच्यासाठी पीईआर, हे एएसएन.१चंच दुसरं एन्कोडिंग. तिथे तर बाइट नाही, बिट मोजतात. एखादी किंमत ० ते ७ मध्येच असणार असं स्कीमात (डेटाच्या लेखी आराखड्यात) लिहिलं असेल तर तिला तीनच बिट मिळतात. प्रोटोबफला हे अजून जमत नाही.

नंतर सन कंपनीचं एक्सडीआर आलं, १९८७ मध्ये त्याचं आरएफसी (इंटरनेटच्या मानकांचा दस्तऐवज) निघालं, नेटवर्कवरून फाइली वापरू देणारं एनएफएस त्याच्यावर चालतं. मग थ्रिफ्ट, ॲव्हरो. गूगलने प्रोटोबफ २००८ मध्ये सगळ्यांसाठी खुलं केलं. तंत्र म्हणून त्यात नवल फारसं नव्हतं. पण एएसएन.१चं स्पेसिफिकेशन वाचताना माणूस म्हातारा व्हायचा आणि धड कंपायलर हवा तर पैसे मोजावे लागायचे. प्रोटोबफचं एकच एन्कोडिंग, कंपायलर फुकट, आणि दुपारभरात शिकून होतं. तिथेच ते जिंकलं.

शून्याचा_पाढा
खांबकाका, एक्सएमएलवाल्या सोपचं नाव राहिलं की.

जुना_खांब
चांगल्या घरातली माणसं त्याचं नाव काढत नाहीत.

खिडकीतली_खार
आता फ्रंटएंडच्या बाजूने. ब्राउझरमधून जीआरपीसी थेट बोलता येत नाही. जीआरपीसी-वेब आणि मध्ये एक प्रॉक्सी, एवढा संसार मांडावा लागतो. जेसन असलं की डेव्हटूल्स उघडायचं, रिस्पॉन्स वाचायचा, कर्लने तीच रिक्वेस्ट मारून परत बघायचं. बायनरीत तोच रिस्पॉन्स नुसती किडामुंगी दिसतो. रात्री दोनला प्रॉडक्शन कोसळलेलं असताना वाचता येणारा लॉग किती मोलाचा असतो ते आर्किटेक्ट लोकांना कळत नाही, कारण त्यांना रात्री दोनला फोन येत नाही.

टेस्टर_ताई
खारूताई, जेसन वाचता येतं हे खरं. पण दोघांनी वाचल्यावर दोघांना तेच कळेल याची खात्री कुठे आहे?

आकडे घ्या. जेसनच्या स्पेसिफिकेशनमध्ये आकडा किती मोठा असावा याला मर्यादाच नाही. जावास्क्रिप्ट मात्र सगळे आकडे डबलमध्ये (६४ बिटी फ्लोटिंग पॉइंटमध्ये) ठेवतं, म्हणजे पूर्णांक ९००७१९९२५४७४०९९१ पर्यंतच भरवशाचे. ह्या आकड्यात २ मिळवून पाठवा, जावास्क्रिप्टमध्ये पार्स करा, एकने कमी झालेला सापडेल. एरर नाही, वॉर्निंग नाही. ट्विटरचे ट्वीट आयडी एवढे मोठे व्हायला लागले तेव्हा त्यांनी २०१० मध्ये तोच आयडी स्ट्रिंग म्हणूनही द्यायला सुरुवात केली ती ह्यामुळेच. आणि प्रोटोबफचं जेसनमध्ये रूपांतर करण्याचे जे अधिकृत नियम आहेत त्यातही ६४ बिटी पूर्णांक स्ट्रिंग म्हणूनच लिहायचा असतो.

दुसरं, एकाच ऑब्जेक्टमध्ये तेच नाव दोनदा आलं तर? आरएफसी ८२५९ म्हणतं नावं वेगळी असावीत, पण नसली तर काय करायचं हे पार्सरवर सोडलंय. कोणी पहिली किंमत धरतो, कोणी शेवटची. २०१७ मध्ये काउचडीबी ह्या डेटाबेसमध्ये हेच झालं. आत अर्लांगचा एक पार्सर, तपासणीला जावास्क्रिप्टचा दुसरा. वापरकर्त्याच्या भूमिकांचं (रोल्सचं) फील्ड दोनदा पाठवलं की तपासणाऱ्याला एक किंमत दिसायची, प्रत्यक्ष अधिकार दुसरीवरून मिळायचे. साधा वापरकर्ता ॲडमिन!

मी टेस्टिंग करते, त्यामुळे माझं मत एकतर्फी आहे हे मान्य. पण मला वेगाशी देणंघेणं नाही. स्कीमा हवा. कुठलं फील्ड आहे, कुठल्या प्रकारचं आहे, नसलं तर काय, हे लिहिलेलं हवं आणि मशीनने तपासलेलं हवं.

अर्धविराम
ताई, हे पटलं. पण मग जेसन स्कीमा वापरून हेच नाही का होणार? त्याच्यासाठी सगळं उखडायची काय गरज?

टेस्टर_ताई
होतं की. पण जेसन स्कीमा लोक नंतर लिहितात, आणि कोड बदलला तरी तो जुनाच पडून राहतो. प्रोटोबफमध्ये स्कीमा आधी लिहिल्याशिवाय कोडच तयार होत नाही. नाइलाजाने लागलेली शिस्त जास्त टिकते.

नवशिका_सॉकेट
मध्येच बाळबोध प्रश्न विचारतोय, सांभाळून घ्या. कॉलेजच्या प्रोजेक्टमध्ये टीसीपी सॉकेटवरून मेसेज पाठवतोय. माझ्या मशीनवर सगळं व्यवस्थित चालतं. दोन वेगळ्या मशीनवर टाकलं की कधी दोन मेसेज चिकटून येतात, कधी अर्धाच येतो. टीसीपी तर रिलायेबल आहे ना?

निशाचर
प्रश्न बाळबोध नाही, नोकरीत मुरलेले लोकही इथे आपटतात.

टीसीपी मेसेज पाठवतच नाही. तो बाइटचा प्रवाह पाठवतो. नळीत ह्या टोकाला तीन तांबे पाणी ओतलं म्हणून त्या टोकाला तीन वेगवेगळे तांबे पडत नाहीत, पाणी तेवढं सगळं आणि ओळीने येतं. टीसीपीची हमी इतकीच. मेसेज कुठे संपला हे तुम्ही सांगायचं.

दोन मार्ग आहेत. एक, शेवटाची खूण ठेवायची, उदाहरणार्थ नवी ओळ. मग ती खूण मजकुरातच आली तर काय, हे बघावं लागतं. दोन, आधी लांबी पाठवायची, मग तेवढे बाइट पूर्ण येईपर्यंत वाचत राहायचं. प्रोटोबफचा मेसेज स्वतः कुठे संपतो ते सांगत नाही, म्हणून जीआरपीसी प्रत्येक मेसेजपुढे ५ बाइट लावतं: एक बाइट कॉम्प्रेस केलंय का हे सांगायला, चार लांबीला.

इथे दोन खड्डे आहेत. पहिला, लांबी अक्षरांत नाही, बाइटांत मोजायची. "नमस्ते" मध्ये युनिकोडचे सहा कोडपॉइंट आहेत, पण यूटीएफ-८ मध्ये त्याचे १८ बाइट होतात. नुसत्या इंग्रजीत टेस्ट केलंत तर हा बग कधीच सापडणार नाही.

दुसरा खड्डा जास्त खोल. समोरच्याने सांगितलेल्या लांबीवर विश्वास ठेवायचा नाही. ओपनएसएसएल ह्या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीतला २०१४ चा हार्टब्लीड बग आठवतोय? क्लायंटने चिमूटभर मजकूर पाठवायचा आणि सांगायचं "हे ६४ केबी आहे, हेच मला परत पाठव". ओपनएसएसएलने खातरजमा न करता तेवढी मेमरी परत पाठवली, शेजारचे पासवर्ड आणि खाजगी किल्ल्यांसकट. जगभर धावपळ झाली ती एका लांबीच्या फील्डपायी. जीआरपीसी आपण होऊन ४ एमबीपेक्षा मोठा मेसेज घेत नाही, त्याचा राग येतो तेव्हा हे आठवा.

नवशिका_सॉकेट
बापरे. धन्यवाद! लांबी चार बाइटात लिहिणार. पण आकड्यातला मोठ्या किमतीचा बाइट आधी की लहान किमतीचा?

पॅकेट_पोचलं_का
ह्या प्रश्नावर डॅनी कोहेन यांनी १ एप्रिल १९८० ला "आता युद्ध थांबवा" अशी विनवणी करणारा लेख लिहिला होता. युद्ध चालूच आहे. नेटवर्कवर मोठा आधी हा रिवाज, इंटेलच्या आत लहान आधी. तुम्ही कुठलंही घ्या, पण लिहून ठेवा आणि दोन्ही बाजूंना तेच घ्या.

निशाचर
आणि अजून एक. छोटे छोटे मेसेज पाठवून उत्तराची वाट बघणार असाल आणि मध्येच ४० मिलिसेकंदांचे झटके दिसले, तर नेटवर्कला शिव्या देऊ नका. एका बाजूचा नेगल अल्गोरिदम बारीक तुकडे साठवून ठेवतो, दुसरी बाजू पोच द्यायला मुद्दाम थोडं थांबते. दोघेही "आधी तुम्ही" करत बसतात. टीसीपी_नोडिले नावाचा ऑप्शन चालू करा.

मातीतला_सेन्सर
इथे सगळे डेटासेंटरात बसून बोलतायत. आमच्याकडे बॅटरीवर चालणारं उपकरण आहे, काही केबी रॅम आणि रेडिओ जेवढा वेळ चालू तेवढी बॅटरी कमी. आमच्यासाठी बाइट म्हणजे आयुष्य. जेसनची जागा आम्ही सीबॉरला दिली. डेटाची रचना जेसनसारखीच, स्कीमाची सक्ती नाही, पण बायनरी. २०१३ मध्ये आलं, आता आरएफसी ८९४९. शिवाय बाइटचा स्वतंत्र प्रकार आहे. जेसनमध्ये फोटो किंवा सही घालायची तर बेस६४ करावं लागतं आणि आकार एक तृतीयांशाने फुगतो.

पाठवायला एमक्यूटीटी. १९९९ मध्ये तेलाच्या पाइपलाइनींवर उपग्रहामार्फत लक्ष ठेवायला अँडी स्टॅनफर्ड-क्लार्क आणि आर्लेन निपर यांनी बनवलं. तेव्हा उपग्रहाचा प्रत्येक बाइट महाग, म्हणून हेडर कमीत कमी २ बाइटांचं. त्यात क्यूओएस २ म्हणजे "नेमका एकदाच पोचेल" अशी हमी आहे, पण त्यासाठी चार पॅकेटांची देवाणघेवाण होते. आम्ही क्यूओएस १ (किमान एकदा तरी पोचेल) वरच राहिलो. मेसेज दोनदा आला तर आयडी बघून दुसरा टाकून देतो. स्वस्तात काम होतं.

शून्याचा_पाढा
+१. "नेमका एकदाच" म्हणणाऱ्या कुठल्याही पत्रकाकडे मी संशयाने बघतो.

यामलग्रस्त
तुम्ही लोक जेसनबद्दल रडताय. आमची कॉन्फिगरेशन यामल ह्या मजकुरी स्वरूपात आहे. देशांची यादी होती दोन अक्षरी कोडची. नॉर्वेचा कोड एनओ. पार्सरने त्याचा अर्थ "नाही" असा लावून बूलियन करून टाकला. बाकी सगळे देश स्ट्रिंग, नॉर्वे खोटा.

टेस्टर_ताई
हसू नका मंडळी, हा रोग जुना आहे. यामलच्या १.१ आवृत्तीतला नियम, १.२ मध्ये काढला, पण कित्येक लायब्ररी जुन्याच नियमाने चालतात. टाइप लिहिलेला नसला की कोणीतरी अंदाज बांधणार. एक्सेल काही जनुकांची नावं तारखा समजून बदलायचं, शेवटी २०२० मध्ये मानवी जनुकांची नावं ठरवणाऱ्या समितीने जनुकांचीच नावं बदलल्याचं जाहीर केलं. एक्सेलला सुधारण्यापेक्षा ते सोपं पडलं.

खिडकीतली_खार
हे म्हणजे जावयाला चप्पल लागते म्हणून उंबरा कापण्यासारखं झालं.

संपादक
मंडळी, धागा रुळावर आणूया. एक्सेलसाठी वेगळा धागा काढा.

निशाचर
ठीक आहे, मूळ प्रश्नाकडे. आम्ही जीआरपीसीवर गेलो. पहिल्याच आठवड्यात काय झालं ते ऐका. सर्व्हर दहा, सगळा भार एकावर. बाकीचे नऊ माशा मारतायत. कारण जीआरपीसी एचटीटीपी/२ वर चालतं, आणि तिथे एक कनेक्शन उघडलं की तेच दिवसच्या दिवस वापरलं जातं. आमचा लोड बॅलन्सर टीसीपी कनेक्शन वाटणारा, रिक्वेस्ट वाटणारा नव्हता. कनेक्शन एकदा वाटून झालं, त्याचं काम संपलं! एचटीटीपी/२ समजणारा प्रॉक्सी मध्ये बसवावा लागला. हे बेंचमार्कमध्ये नसतं.

फायदा? कोड जनरेट होतो. तीन भाषांतले क्लायंट हाताने लिहायचे कष्ट वाचले. डेडलाइन एका सर्व्हिसकडून पुढच्या सर्व्हिसकडे जाते. स्ट्रीमिंग मिळतं. वेगही वाढला असेल, पण खरं सांगायचं तर कोणी मोजलाच नाही.

पॅकेट_पोचलं_का
मग एचटीटीपी/३ वर का नाही जात? लेटेस्ट आहे.

निशाचर
एचटीटीपी/२ मध्ये सगळे स्ट्रीम एकाच टीसीपी कनेक्शनवरून जातात, त्यामुळे एक पॅकेट हरवलं की सगळेच खोळंबतात. एचटीटीपी/३ ज्याच्यावर चालतं ते क्विक यूडीपीवर चालतं आणि प्रत्येक स्ट्रीमचा हिशेब वेगळा ठेवतं (आरएफसी ९०००, २०२१). मोबाइल नेटवर्कवर पॅकेट हरवतात, तिथे फरक जाणवतो. एकाच डेटासेंटरात शेजारी ठेवलेल्या दोन सर्व्हरमध्ये हरवतंय काय एवढं? तिथे खटाटोप कशाला?

जुना_खांब
स्कीमाचं कौतुक चाललंय म्हणून एक काडी टाकतो. स्कीमा प्रकार सांगतो, अर्थ नाही सांगत. नासाचं मार्स क्लायमेट ऑर्बिटर यान १९९९ मध्ये गेलं, ते काही पार्सिंग एररमुळे नाही. आकडा व्यवस्थित पोचला होता. पाठवणाऱ्याचं एकक पाउंड-सेकंद, वाचणाऱ्याने धरलं न्यूटन-सेकंद. साडेचारपट फरक. प्रोटोबफ असतं तरी यान गेलंच असतं. माझा नियम: फील्डच्या नावात एकक लिहायचं. नुसतं "टाइमआउट" नाही, "टाइमआउट_मिलिसेकंद".

टेस्टर_ताई
काका, शंभर टक्के. आणि तारखेसोबत टाइमझोनचा फरक लिहायचाच. "लोकल टाइम" असं कोणी म्हटलं की मी विचारते, कुणाचं लोकल?

अर्धविराम
सगळ्यांचे आभार. काल आर्किटेक्टांसोबत बसलो आणि ताईंची उदाहरणं दाखवली. त्यांना वेगापेक्षा स्कीमाच हवा होता असं निघालं. "फास्ट" म्हटलं की बजेट मिळतं, म्हणून तसं मांडलं होतं!

ठरलं ते असं. बाहेरच्यांसाठी असलेलं एपीआय जेसनच राहणार. आत पेमेंटच्या घटनांचा एक मोठा प्रवाह आहे, तेवढाच आधी प्रोटोबफवर नेणार, पण सध्याच्याच एचटीटीपीवर. जीआरपीसी नंतर, लोड बॅलन्सरचं बघितल्यावर. बाकीच्या सर्व्हिसेसना जेसन स्कीमा आणि बिल्डमध्ये तपासणी.

आता पुढचा प्रश्न. फील्ड काढून टाकायचं असेल तेव्हा काय काळजी घ्यायची? आणि स्कीमाच्या फाइली प्रत्येक सर्व्हिसच्या रेपोत (कोडच्या भांडारात) ठेवायच्या की एकत्र?

शून्याचा_पाढा
फाइली एकाच रेपोत. प्रती झाल्या की सहा महिन्यांत त्या एकमेकींना ओळखेनाशा होतात. जुनी सुसंगती मोडणारा बदल बिल्डमध्येच अडवणारी साधनं आहेत, ती लावा.

फील्ड काढलंत तर त्याचा क्रमांक "रिझर्व्ह्ड" म्हणून लिहून ठेवा. तो पुन्हा दुसऱ्या कामासाठी कधीच वापरायचा नाही. जुना क्लायंट किंवा डिस्कवर पडलेला जुना मेसेज त्या क्रमांकाखाली जुनंच काहीतरी घेऊन येईल, आणि प्रकार जुळला तर कुणालाच पत्ता लागणार नाही. फील्डचं नाव मात्र खुशाल बदला, बायनरीत ते नसतंच. पण जेसन रूपांतर वापरत असाल तर तेही नको.

प्रोटो३ मध्ये (प्रोटोबफच्या भाषेची तिसरी आवृत्ती) "रिक्वायर्ड" नाही, मुद्दाम काढलंय. एकदा सक्तीचं केलेलं फील्ड पुढे काढताच येत नाही, जुने वाचणारे मेसेजच नाकारतात. पण त्याची दुसरी बाजू अशी की साधं फील्ड आलंच नाही आणि ० आलं, ह्यात फरक कळत नाही. तो फरक लागणार असेल तिथे "ऑप्शनल" लिहा.

टेस्टर_ताई
आणि ईनम, म्हणजे ठरावीक किमतींची यादी! प्रोटो३ मध्ये ईनमची पहिली किंमत ० असावीच लागते, आणि फील्ड आलंच नाही तर वाचणाऱ्याला ०च दिसतं. म्हणून ० ला कायम "अनिर्दिष्ट" नाव द्यायचं, खरा अर्थ द्यायचा नाही.

अर्धविराम
ताई, एक मिनिट. कालच्या मसुद्यात पेमेंटच्या स्थितीचा ईनम आहे. त्यात ० म्हणजे "पैसे जमा".

टेस्टर_ताई
म्हणजे कोणी रिकामा मेसेज पाठवला तरी पैसे जमा. मर्ज झालंय का?

अर्धविराम
रिव्ह्यूत आहे. थांबवतो.

पॅकेट_पोचलं_का
थांबवू नका, आधी मला तुमच्या एपीआयचा पत्ता द्या.